पूर्वजांची आरती, वंशजांना बेड्या

नोव्हेंबर २०२३ मध्ये ग्रीसचे पंतप्रधान किरियाकोस मित्सोताकिस लंडनमध्ये होते. ब्रिटनचे तत्कालीन पंतप्रधान ऋषी सुनक यांच्याशी त्यांची भेट ठरलेली होती. भेटीच्या आदल्या दिवशी ती रद्द झाल्याचा निरोप त्यांना मिळाला. त्यांचा अपराध एवढाच की, बीबीसीला दिलेल्या मुलाखतीत त्यांनी पार्थेनॉन मंदिराची शिल्पे परत मागितली होती. एकाच मंदिराची अर्धी शिल्पे लंडनमध्ये आणि अर्धी अथेन्समध्ये ठेवणे म्हणजे मोनालिसाच्या चित्राचे दोन तुकडे करण्यासारखे आहे, असे ते म्हणाले होते. एका स्वतंत्र मित्रराष्ट्राच्या पंतप्रधानाने आपल्या देवालयातील मूर्ती परत मागाव्यात आणि यजमानाने दार लावून घ्यावे, असा हा प्रकार होता. सुनक भारतीय वंशाचे आहेत, याचा अनेक भारतीयांना त्या काळात अभिमान वाटत होता. परंतु खुर्चीवर कोण बसले आहे, यावर त्या खुर्चीचे धोरण ठरत नसते, हेही त्या दिवशी दिसून आले.

ग्रीस म्हणजे आपली मातृसंस्कृती, असे इंग्रज दोनशे वर्षे जगाला सांगत आले. इंग्लंडच्या उच्चभ्रू शाळांतील मुलांना होमर आणि थुसिडिडीस मुखोद्गत असत. लंडनमधील ब्रिटिश म्युझियमची इमारतच ग्रीक मंदिराच्या धर्तीवर बांधलेली आहे. लोकशाही, तत्त्वज्ञान, नाट्य, शिल्प या सर्वांचे मूळ अथेन्समध्ये आहे, असे इंग्रजांचे विद्वान सांगत. मग ज्या राष्ट्राच्या पूर्वजांची एवढी आरती ओवाळली, त्या राष्ट्राच्या जिवंत माणसांशी ब्रिटनचा व्यवहार कसा होता? इतिहासाची पाने उलटली म्हणजे उत्तर मिळते. पूर्वजांना हार घातले गेले. वंशजांच्या वाट्याला मात्र कर्जरोखे, नाकेबंदी, फाशीचे दोर आणि फाळणी आली.

एल्गिन घराण्याचा पराक्रम

इसवी सनापूर्वी ४४७ ते ४३२ या काळात अथेन्सच्या अक्रोपोलिस टेकडीवर अथीना देवीचे मंदिर उभे राहिले. तेच पार्थेनॉन. १७९९ मध्ये थॉमस ब्रूस, म्हणजेच सातवा अर्ल ऑफ एल्गिन, हा ब्रिटनचा राजदूत म्हणून तुर्की सुलतानाच्या दरबारी गेला. ग्रीस तेव्हा तुर्कांच्या गुलामगिरीत होता. फ्रेंचांना इजिप्तमधून हुसकावण्यात इंग्रजांनी मदत केल्यामुळे सुलतान खूश होता. या संधीचा लाभ घेऊन एल्गिनच्या माणसांनी १८०१ पासून मंदिराच्या भिंतींवरील शिल्पे काढण्यास प्रारंभ केला. करवतीने दगड कापले गेले. शिल्पपट्टाची मूळ लांबी सुमारे १६० मीटर होती. त्यातील सुमारे ७५ मीटर लंडनला गेली. शेजारच्या एरेक्थिऑन मंदिराचे छत सहा स्त्रीमूर्तींनी डोक्यावर तोलले होते. त्यातील एक उचलून नेली गेली. शिल्पे घेऊन निघालेले ‘मेंटॉर’ हे जहाज १८०२ मध्ये किथिरा बेटाजवळ बुडाले, तेव्हा समुद्राच्या तळातून स्पंज काढणाऱ्या ग्रीक पाणबुड्यांकडूनच ती वर काढून घेण्यात आली.

ज्या तुर्की फर्मानाच्या आधारावर हे सर्व झाले, असे सांगितले जाते, त्याची मूळ प्रत आजवर कोणालाही दाखवता आलेली नाही. उपलब्ध आहे ते केवळ एक इटालियन भाषांतर. युनेस्कोच्या २०२४ मधील बैठकीत तर तुर्कस्तानच्या प्रतिनिधीनेच सांगितले की, या खरेदीला वैधता देणारा कोणताही दस्तऐवज आपल्या माहितीत नाही. पण क्षणभर धरून चालू की, फर्मान होते. ते कोणी दिले? ग्रीसच्या छाताडावर बसलेल्या परक्या सत्ताधीशाने. घर लुटणाऱ्याने दुसऱ्याला चिठ्ठी लिहून द्यावी आणि त्या चिठ्ठीच्या जोरावर दुसऱ्याने देव्हारा उचलून न्यावा, याला ‘कायदेशीर खरेदी’ म्हणण्यासाठी इंग्रजी न्यायबुद्धीच लागते!

कर्जबाजारी झालेल्या एल्गिनकडून १८१६ मध्ये ब्रिटिश संसदेने ही शिल्पे ३५ हजार पौंडांना विकत घेतली. ठरावाच्या बाजूने ८२ आणि विरोधात ३० मते पडली. त्या चर्चेत ह्यू हॅमर्स्ली या सदस्याने एक प्रामाणिक सूचना मांडली होती. ही शिल्पे ठेव म्हणून सांभाळावीत आणि अथेन्स नगरी मागेल तेव्हा परत करावीत, असे तो म्हणाला. ग्रीस तेव्हा स्वतंत्रही नव्हता. सूचना फेटाळली गेली. म्हणजे ही वस्तू आपली नाही, याची जाणीव लंडनला पहिल्या दिवसापासून होती.

एल्गिन घराण्याची कथा येथे संपत नाही. या एल्गिनचा मुलगा, आठवा अर्ल, याच्या आज्ञेने १८६० मध्ये पेकिंगजवळचा चिनी सम्राटाचा ग्रीष्मप्रासाद जाळण्यात आला. पुढे तो हिंदुस्थानचा व्हाइसरॉय झाला आणि १८६३ मध्ये धर्मशाळा येथे मरण पावला. नातू, नववा अर्ल, १८९४ ते १८९९ या काळात व्हाइसरॉय होता. पुण्यातील प्लेगचे दिवस, रँडचा वध, दामोदर चाफेकरांची फाशी आणि लोकमान्य टिळकांना राजद्रोहाबद्दल झालेली अठरा महिन्यांची शिक्षा, हे सर्व याच नातवाच्या कारकिर्दीत घडले. आजोबाने अथेन्सची शिल्पे काढली, मुलाने पेकिंगचा राजवाडा जाळला आणि नातवाच्या राज्यात टिळक तुरुंगात गेले. साम्राज्य ही काही एखाद्या लहरी माणसाची चूक नव्हती; तो पिढ्यान्‌पिढ्या चालणारा घराण्याचा धंदा होता.

संरक्षणाची किंमत

तैनाती फौज म्हणजे काय, हे मराठी माणसाला सांगावे लागत नाही. वसईच्या तहाने दुसऱ्या बाजीरावाला ‘संरक्षण’ मिळाले आणि सोळा वर्षांत शनिवारवाडा गेला. ग्रीसच्या पश्चिम किनाऱ्यावरील कॉर्फू, केफालोनिया, झांटे आदी सात आयोनियन बेटांना १८१५ मध्ये नेमके हेच संरक्षण लाभले. कागदावर हे ‘आयोनियन बेटांचे संयुक्त राज्य’ स्वतंत्र होते. प्रत्यक्षात उच्चायुक्त सर थॉमस मेटलंड हाच राजा होता. लोक त्याला ‘किंग टॉम’ म्हणत. त्यापूर्वी तो सिलोनचा गव्हर्नर होता. प्रजा कशी वाकवायची, याचे शिक्षण त्याला तेथेच मिळाले होते. ब्रिटिश फौजेच्या खर्चाचा भारही बेटांच्याच तिजोरीवर टाकण्यात आला.

समोरच्या किनाऱ्यावर पार्गा नावाचे लहानसे ग्रीक गाव होते. फ्रेंचांच्या जागी इंग्रज आपले रक्षण करतील, या विश्वासाने गावकऱ्यांनी १८१४ मध्ये ब्रिटिश निशाण स्वीकारले. इंग्रजांनी काय केले? सुलतानाशी सौदा करून १८१९ मध्ये ते गाव इओआनिनाच्या अली पाशाच्या हवाली केले. घरादाराच्या मोबदल्यात दीड लाख पौंड ठरले. अली पाशाच्या हाती पडण्यापेक्षा देशोधडीला लागलेले बरे, असे ठरवून गावकरी कॉर्फूकडे निघाले. निघण्यापूर्वी त्यांनी स्मशानभूमी उकरली, पूर्वजांची हाडे बाहेर काढली आणि स्वतःच्या हाताने जाळली. ती विटंबनेसाठी शत्रूच्या हाती सापडू नयेत, हाच हेतू. ज्या इंग्रजांना ग्रीकांच्या पूर्वजांचे एवढे प्रेम होते, त्यांच्या डोळ्यांदेखत ही चिता पेटली.

१८४८-४९ मध्ये केफालोनियात उठाव झाला. उच्चायुक्त वॉर्डने लष्करी कायदा पुकारला. अनेकांना फाशी दिले, अनेकांना उघड्यावर फटके मारले. बेटांवरील लोकांना ग्रीसमध्ये सामील व्हायचे आहे, हे ग्लॅडस्टनसारख्या ग्रीकप्रेमी नेत्याने १८५८-५९ मध्ये तेथे जाऊन प्रत्यक्ष ऐकले. तरीही त्याने सल्ला दिला तो संरक्षण चालू ठेवून सुधारणा देण्याचा. अखेर १८६४ मध्ये बेटे ग्रीसला मिळाली. मात्र तत्पूर्वी अथेन्सच्या गादीवर ब्रिटनला मान्य असलेला डेन्मार्कचा राजपुत्र बसला होता आणि जाता जाता इंग्रजांनी कॉर्फूचे किल्ले सुरुंग लावून पाडले होते. या अर्धशतकाची ‘भेट’ म्हणून आजही कौतुकाने आठवण काढली जाते.

बायरन गेला, सावकार उरले

१८२१ मध्ये ग्रीकांनी स्वातंत्र्ययुद्ध पुकारले. या युद्धाच्या संदर्भात इंग्रज नेहमी कवी लॉर्ड बायरनचे नाव घेतात. ते योग्यही आहे. बायरनने आपला पैसा ग्रीसवर उधळला आणि १९ एप्रिल १८२४ रोजी मिसोलोंगी येथे प्राण ठेवला. एल्गिनच्या लुटीवर सर्वांत कठोर टीका याच कवीने आपल्या काव्यातून केली होती. त्याच्या स्मृतीला ग्रीक आजही वंदन करतात. परंतु बायरन म्हणजे ब्रिटन नव्हे. त्याच वर्षी लंडनच्या सराफबाजारात ब्रिटन आपल्या खऱ्या रूपात वावरत होते.

१८२४ मध्ये ग्रीसच्या नावावर आठ लाख पौंडांचे कर्ज उभारले गेले. शंभर पौंडांचा रोखा एकोणसाठ पौंडांना विकला गेला. १८२५ मध्ये वीस लाखांचे दुसरे कर्ज झाले. तेथे शंभराला साडेपंचावन्न मिळाले. ग्रीसच्या नावावर एकंदर अठ्ठावीस लाख पौंड लागले. जी रक्कम हाती आली, तिच्यातून दलाली, आगाऊ व्याज आणि अडतीच्या रकमा लंडनमध्येच कापल्या गेल्या. लॉर्ड कॉक्रेन या दर्यावर्दीने आपल्या सेवेचे हजारो पौंड आगाऊ मागून घेतले. वाफेच्या जहाजांची मागणी इंग्रज कारखान्यांकडे नोंदवली गेली. युद्धाच्या उपयोगी पडतील अशी त्यातील मोजकीच जहाजे ग्रीसपर्यंत पोहोचली. जन्माला येण्यापूर्वीच हे राष्ट्र कर्जबुडवे ठरले आणि या कर्जाचा निकाल लागण्यास १८७८ साल उजाडले. रणांगणावर रक्त ग्रीकांचे सांडत होते आणि पेढीवर व्याज इंग्रजांचे चढत होते.

२० ऑक्टोबर १८२७ रोजी नवारिनोच्या उपसागरात ब्रिटन, फ्रान्स आणि रशिया यांच्या आरमारांनी तुर्की-इजिप्शियन आरमार बुडवले. ग्रीसच्या स्वातंत्र्याचा तो निर्णायक क्षण. ब्रिटिश दर्यासारंग कॉड्रिंग्टनने तो घडवला. त्याबद्दल ब्रिटिश राज्यकर्त्यांना आनंद झाला असेल, असे कोणालाही वाटेल. परंतु पुढच्याच जानेवारीत राजाच्या अभिभाषणातून ब्रिटिश सरकारने या विजयाचा उल्लेख एक अनिष्ट घटना म्हणून केला आणि काही महिन्यांतच कॉड्रिंग्टनला परत बोलावले. तुर्कस्तान दुबळा झाला तर रशिया पुढे सरकेल आणि हिंदुस्थानचा मार्ग धोक्यात येईल, ही त्यामागची चिंता होती. ग्रीसचे स्वातंत्र्य तराजूच्या एका पारड्यात होते आणि दुसऱ्या पारड्यात हिंदुस्थानचे पारतंत्र्य!

स्वतंत्र ग्रीसला राजाही बाहेरूनच नेमून मिळाला. १८३२ मध्ये बव्हेरियाचा सतरा वर्षांचा ओटो गादीवर आला. दुर्दैव असे की, ग्रीक पुढाऱ्यांनीही या परावलंबनाला हातभार लावला. त्या काळातील तेथील तीन राजकीय पक्षांची नावे होती – इंग्लिश पक्ष, फ्रेंच पक्ष आणि रशियन पक्ष. स्वातंत्र्य मिळालेल्या राष्ट्राच्या पक्षांनी परक्या राजधान्यांची नावे मिरवावीत, यापरते दुसरे दैन्य कोणते?

एका घराच्या भरपाईसाठी

१८४७ मध्ये अथेन्समध्ये डॉन पॅसिफिको या व्यापाऱ्याच्या घरावर जमावाने हल्ला केला. हल्ला निंद्यच होता आणि सरकारने त्याला न्याय द्यायला हवा होता, यात शंका नाही. जिब्राल्टरमध्ये जन्मल्यामुळे तो ब्रिटिश प्रजाजन होता. त्याने तीस हजार पौंडांहून अधिक रकमेचा दावा केला. जानेवारी १८५० मध्ये परराष्ट्रमंत्री पामर्स्टनने या दाव्यासाठी युद्धनौका पाठवून पिरेअस बंदराची नाकेबंदी केली. ग्रीक व्यापारी जहाजे पकडली गेली. नंतर लवादाने पडताळणी केली, तेव्हा दाव्याचा फुगा फुटला आणि मूळ मागणीचा अल्पसा अंशच मान्य झाला. पण पामर्स्टनने संसदेत छाती काढून सांगितले की, प्राचीन रोमन नागरिकाला जसे कुठेही अभय असे, तसेच ब्रिटिश प्रजाजनालाही असेल. ग्रीसला धमकावताना रोमचा दाखला! दोन हजार वर्षांपूर्वी ग्रीसला जिंकणारेही रोमनच होते. पामर्स्टनला आदर्श कोणाचा हवा होता, हे त्याच्याच तोंडून बाहेर पडले.

चारच वर्षांनी क्रिमियाच्या युद्धात ग्रीस रशियाच्या बाजूने झुकू नये, म्हणून ब्रिटन आणि फ्रान्सने पिरेअसमध्ये सैन्य उतरवले. १८५४ ते १८५७ अशी तीन वर्षे हे बिनबुलावलेले पाहुणे तेथे राहिले. फ्रेंच सैनिकांबरोबर पटकीची साथ आली आणि अथेन्सने हजारो माणसे गमावली.

स्मर्नाची राख

पहिल्या महायुद्धानंतर ब्रिटनचे पंतप्रधान लॉइड जॉर्ज यांनी ग्रीसला आशिया मायनरचे स्वप्न दाखवले. मे १९१९ मध्ये मित्रराष्ट्रांच्या संमतीने ग्रीक सैन्य स्मर्ना येथे उतरले. १९२० च्या सेव्हरच्या तहाने त्या स्वप्नावर शिक्का मारला. ग्रीक सैन्य अनातोलियात खोलवर शिरत गेले आणि लंडनमधून शब्दांचा वर्षाव होत राहिला. पण जेव्हा केमाल पाशाने प्रतिहल्ला चढवला, तेव्हा शब्दांपलीकडे काहीही आले नाही.

या प्रकरणात हिंदुस्थानचाही धागा आहे. खिलाफत चळवळीमुळे दिल्लीतील इंग्रज सरकार गांगरले होते. सेव्हरचा तह बदलावा आणि स्मर्नावर सुलतानाची सत्ता राहावी, अशी मागणी व्हाइसरॉय रीडिंगने तारेने केली. भारतमंत्री माँटेग्यू यांनी ती तार प्रसिद्ध केली आणि त्यांना मार्च १९२२ मध्ये राजीनामा द्यावा लागला. ग्रीकांना पुढे ढकलणारे सरकार दुसरीकडे त्यांच्या विरोधातील हिशेबही मांडत होते. सप्टेंबर १९२२ मध्ये स्मर्ना जळाले. बंदरात मित्रराष्ट्रांच्या युद्धनौका उभ्या होत्या. धक्क्यावर लाखो ग्रीक आणि आर्मेनियन जीव मुठीत धरून उभे होते. ‘तटस्थता’ पाळण्याचे हुकूम असल्याने आगीनंतरही सुटकेला विलंब झाला. त्यानंतर झालेल्या अदलाबदलीत सुमारे बारा लाख ग्रीक ख्रिस्ती तुर्कस्तानातून आणि सुमारे चार लाख मुसलमान ग्रीसमधून उखडले गेले. तीन हजार वर्षांची ग्रीक वस्ती आशियाच्या किनाऱ्यावरून पुसली गेली. अविचाराने अनातोलियात शिरण्याचा दोष ग्रीक नेत्यांचाही होता. पण त्यांच्या पाठीवर थाप मारणारा हात ऐनवेळी खिशात गेला, हे विसरता येणार नाही.

मॉस्कोतील चिठ्ठी

२८ ऑक्टोबर १९४० रोजी मुसोलिनीच्या धमकीला ग्रीसने ‘नाही’ म्हटले आणि इटलीच्या फौजांना अल्बानियाच्या डोंगरात मागे रेटले. युरोपात ब्रिटन तेव्हा जवळजवळ एकटे पडले होते. १९४१ मध्ये ब्रिटिश, ऑस्ट्रेलियन आणि न्यूझीलंडचे सैनिक ग्रीसच्या आणि क्रीटच्या भूमीवर ग्रीकांच्या खांद्याला खांदा लावून लढले. पराभूत सैनिकांना ग्रीक शेतकऱ्यांनी जिवावर उदार होऊन लपवले. दोन्ही राष्ट्रांच्या संबंधातील हे सर्वांत उजळ पान, आणि ते सामान्य माणसांनी लिहिलेले आहे.

जर्मनांनी देश व्यापला आणि अन्न ओरबाडले. त्यात ब्रिटिश आरमाराच्या नाकेबंदीची भर पडली. १९४१-४२ च्या हिवाळ्यात अथेन्सच्या रस्त्यांवर भुकेने माणसे पडू लागली. नाकेबंदी शिथिल करून रेडक्रॉसचे धान्य नियमितपणे जाऊ देण्यास १९४२ चा उन्हाळा उजाडावा लागला. ऑक्सफर्डमधील काही नागरिकांनी याच भुकेल्या ग्रीकांसाठी त्या वर्षी समिती स्थापन केली. तीच पुढे ‘ऑक्सफॅम’ या नावाने प्रसिद्ध झाली. इंग्रज नागरिकाला दया आली, पण इंग्रज सरकारला हिशेब सुटला नाही. पुढच्याच वर्षी बंगालने हाच अनुभव घेतला.

९ ऑक्टोबर १९४४ रोजी मॉस्कोत चर्चिलने एका कागदाच्या चिटोऱ्यावर बाल्कन राष्ट्रांची टक्केवारी लिहिली. ग्रीससमोर आकडा होता नव्वद टक्के, ब्रिटनसाठी. स्टालिनने त्यावर निळ्या पेन्सिलीने खूण केली. ज्या राष्ट्राने लोकशाही हा शब्द जगाला दिला, त्याचे भवितव्य दोन परक्यांनी वाण्याच्या पुडीसारखे बांधून टाकले. त्या वर्षीच्या डिसेंबरमध्ये अथेन्समध्ये रक्तपात झाला. निदर्शकांवर ग्रीक पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यानंतर ब्रिटिश फौजा व कम्युनिस्टांच्या नेतृत्वाखालील ‘एलास’ यांच्यात महिनाभर लढाई चालली. जिंकून घेतलेल्या शहरात बंड झाले आहे असे समजून वागा, अशा अर्थाची तार चर्चिलने सेनापती स्कोबीला पाठवली. कम्युनिस्टांचे हेतू शुद्ध होते, असे मुळीच नाही. त्यांनी ओलीस धरलेल्या निरपराधांच्या हत्या इतिहासात नोंदल्या आहेत. आणि ज्या स्टालिनच्या नावाने ते लढत होते, तो सौदा पाळून मॉस्कोत मूग गिळून बसला होता. लंडनवर विसंबलेले आणि मॉस्कोवर विसंबलेले, दोघेही फसले. मेले ते ग्रीक.

या लढाईत चौथ्या भारतीय डिव्हिजनचे जवानही उतरवले गेले होते. स्वतः पारतंत्र्यात असलेल्या सैनिकांकडून दुसऱ्याच्या राजधानीत बंदोबस्त करवून घेतला गेला. फेब्रुवारी १९४७ मध्ये ब्रिटनची तिजोरी रिती झाली. २० तारखेला पंतप्रधान ॲटली यांनी हिंदुस्थान सोडण्याची घोषणा केली आणि दुसऱ्याच दिवशी ग्रीसचा भार आपल्याला पेलवत नाही, असे ब्रिटनने अमेरिकेला कळवले. ग्रीस यादवीच्या आगीत होरपळतच राहिला. बदलला तो फक्त मुनीम.

सायप्रसची जखम

या सर्व इतिहासाचे सार पाहायचे असेल, तर सायप्रसकडे पाहावे. १८७८ मध्ये ब्रिटनने हे बेट तुर्की सुलतानाकडून ताब्यात घेतले. बेटाच्या महसुलातून वर्षाला सुमारे ९२ हजार पौंडांची ‘खंडणी’ वसूल होई आणि ती तुर्कस्तानच्या जुन्या कर्जाच्या रोखेधारकांकडे वळवली जाई. १९१५ मध्ये महायुद्धात उतरण्याची लाच म्हणून हेच बेट ग्रीसला देऊ केले गेले. ग्रीसने तेव्हा नकार दिला आणि देकार मागे घेतला गेला. जे बेट १९१५ मध्ये देता येत होते, ते १९५४ मध्ये मात्र कधीही सोडता येणार नाही असे झाले. वसाहत मंत्रालयाचे मंत्री हॉपकिन्सन यांच्या तोंडून त्या अर्थाचे उद्गार संसदेत बाहेर पडले. बहुसंख्य ग्रीक सायप्रसवासीयांनी १९५० मध्येच सार्वमतातून आपली इच्छा सांगितली होती.

१ एप्रिल १९५५ पासून ‘एओका’ संघटनेने सशस्त्र लढा सुरू केला. ब्रिटनने आर्चबिशप मकारिओस यांना १९५६ मध्ये सेशेल्स बेटांवर हद्दपार केले. टिळकांना मंडालेला पाठवणाऱ्यांची ही जुनीच युक्ती. १९५६-५७ मध्ये नऊ तरुणांना फासावर चढवले गेले. त्यातील एव्हागोरास पालिकारिदिस अवघा एकोणीस वर्षांचा होता. छळाच्या तक्रारी तेव्हा फेटाळल्या गेल्या. २०१९ मध्ये मात्र ब्रिटिश सरकारने तेहतीस वृद्ध सायप्रसवासीयांना एकूण दहा लाख पौंड देऊन, दोष मान्य न करता, प्रकरण मिटवले.

फोडा आणि झोडा ही नीतीही येथे होतीच. लंडनने १९५५ मध्ये त्रिपक्षीय परिषद बोलावून तुर्कस्तानला या प्रश्नात पक्षकार केले. ग्रीकांच्या उठावाविरुद्ध पोलिसात तुर्की सायप्रसवासीयांची भरती केली. १९६० मध्ये स्वातंत्र्य दिले, पण अक्रोतिरी आणि धेकेलिया येथील सुमारे २५४ चौरस किलोमीटर भूमी लष्करी तळांसाठी ठेवून घेतली. ते तळ आजही ब्रिटिश भूमी आहेत. ब्रिटन, ग्रीस आणि तुर्कस्तान स्वातंत्र्याचे हमीदार झाले. दोन्ही समाजांतील आग विझवण्यासाठी आलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या सेनेचे नेतृत्व करताना भारताचे जनरल थिमय्या डिसेंबर १९६५ मध्ये सायप्रसमध्येच निवर्तले. जुलै १९७४ मध्ये अथेन्सच्या लष्करशहांनी मूर्खपणाने बंड घडवले आणि त्याचे निमित्त साधून तुर्की फौजा उतरल्या. हमीदार ब्रिटन हजारो सैनिकांसह बेटावर हजर होते. त्याने आपले तळ आणि आपली माणसे सांभाळली. बेटाचा एक तृतीयांशाहून अधिक भाग तुटला, तो आजही तुटलेलाच आहे.

स्तुतीचा सापळा

ब्रिटिश म्युझियमचा जुना युक्तिवाद असा की, शिल्पे आमच्याकडे सुरक्षित आहेत. १९३७-३८ मध्ये एका धनिकाच्या आग्रहाखातर ती पांढरीशुभ्र दिसावीत, म्हणून तांब्याच्या हत्यारांनी खरवडली गेली आणि हे पुढे दडपून ठेवले गेले. २०२३ मध्ये त्याच संग्रहालयातून सुमारे दोन हजार वस्तू गहाळ, चोरीला गेलेल्या किंवा खराब झालेल्या असल्याचे उघड झाले आणि संचालकांना पद सोडावे लागले. असे हे राखणदार! अथेन्सकडे योग्य जागा नाही, हा दुसरा युक्तिवाद २००९ मध्ये संपला. मेलिना मर्कुरी यांनी १९८२ मध्ये युनेस्कोच्या व्यासपीठावर सुरू केलेल्या लढ्याला ग्रीसने अक्रोपोलिसच्या पायथ्याशी भव्य संग्रहालय बांधून उत्तर दिले. तेथे हरवलेल्या शिल्पांच्या जागी त्यांच्या पांढऱ्या प्रतिकृती बसवल्या आहेत. आपल्याकडील तुकडे व्हॅटिकनने २०२३ मध्ये परत केले. लंडन मात्र १९६३ च्या कायद्याकडे बोट दाखवते. जणू हा कायदा त्यांच्याच संसदेने केलेला नसून आकाशातून पडला आहे. त्याच संग्रहालयात आंध्रातील अमरावतीच्या स्तूपाची शिल्पेही आहेत, म्हणून हा केवळ ग्रीकांचा प्रश्न नाही.

इंग्रजांना ग्रीक येत नव्हते, असे कोणी म्हणू शकणार नाही. हिंदुस्थानवर राज्य करणाऱ्या सनदी अधिकाऱ्यांच्या परीक्षेसाठी मेकॉलेच्या समितीने १८५४ मध्ये ग्रीकला ७५० गुण ठेवले, संस्कृतला ३७५. म्हणजे स्वातंत्र्यासाठी लढलेल्या अथेन्सचा इतिहास पाठ करून हे तरुण दुसऱ्यांचे स्वातंत्र्य हिरावण्यासाठी जहाजात बसत. संस्कृतची थोरवी गाणारे आणि त्याच वेळी जिवंत हिंदूला राज्य करण्यास नालायक ठरवणारे हेच लोक होते. पूर्वजांची स्तुती करण्यास काहीच लागत नाही. मृत माणूस कर मागत नाही, बेट मागत नाही आणि मूर्तीही परत मागत नाही. ते सर्व जिवंत माणूस मागतो, म्हणून अडचण त्याचीच होते.

ग्रीसच्या दोनशे वर्षांतून स्वाभिमानी राष्ट्राने घ्यायचा बोध स्पष्ट आहे. आपल्या वारशाची परक्याने केलेली प्रशंसा म्हणजे मैत्री नव्हे. परक्या राजधानीच्या नावाचा पक्ष घरात काढला, की घराच्या किल्ल्या आपोआप बाहेर जातात. ग्रीसला जे मिळाले, ते त्याने स्वतः उभे राहून मिळवले. मिसोलोंगीचा वेढा ग्रीकांनी सोसला, १९४० चा नकार त्यांनी दिला आणि ते काचेचे संग्रहालयही त्यांनीच बांधले. तेथील रिकाम्या जागा लंडनच्या कृपेने भरतील, या आशेवर ग्रीक बसलेले नाहीत. ते दरवर्षी, प्रत्येक व्यासपीठावर मागणी करत आहेत. मागणाऱ्याने थकू नये, एवढीच अट इतिहास घालतो.